इंडियाना हूजियर्स: सातशे पराभव आणि २०२४ चा हंगाम

१९७६ साली ओहायो स्टेटविरुद्धच्या सामन्यात इंडियाना विद्यापीठाचा फुटबॉल संघ सुरुवातीला ७-६ असा पुढे गेला. प्रशिक्षक ली कोर्सो यांनी ताबडतोब टाइमआउट घेतला, पोरांना गोळा केलं आणि मागे गुणफलक दिसेल असा सगळ्या संघाचा फोटो काढून घेतला. सामना ४७-७ ने गेला. ओहायो स्टेटविरुद्ध क्षणभर का होईना, आघाडी मिळाली याचा पुरावा राहावा, इतकीच ती हौस होती. २०२४ मध्ये नवे मुख्य प्रशिक्षक कर्ट सिग्नेटी यांच्या हाताखाली याच संघाने जे केलं, त्याचं अप्रूप कळायला इथूनच सुरुवात करावी लागते. (हा हेल्मेट घालून खेळतात तो अमेरिकन फुटबॉल, आपला कोल्हापूरचा नव्हे.)

विद्यापीठ जिथे आहे ते ब्लूमिंग्टन हे मुळात बास्केटबॉलचं गाव. त्या खेळात विद्यापीठाकडे पाच राष्ट्रीय विजेतेपदं. फुटबॉल म्हणजे बास्केटबॉल सुरू होईपर्यंतचा वेळ घालवणं. अभिमानाने सांगण्यासारखे हंगाम दोनच. १९४५ मध्ये बो मॅकमिलिन यांचा संघ अपराजित राहिला. पुढे एनएफएल या व्यावसायिक लीगच्या ड्राफ्टमध्ये (कॉलेजचे खेळाडू निवडण्याच्या प्रक्रियेत) निवडला गेलेला पहिला कृष्णवर्णीय खेळाडू ठरलेला जॉर्ज टॅलिआफेरो त्याच संघातला. १९६७ मध्ये जॉन पाँट यांनी संघाला रोझ बोल या हंगामाअखेरच्या मानाच्या सामन्यापर्यंत नेलं, तिथे सदर्न कॅलिफोर्नियाने १४-३ ने हरवलं. दोन्ही वेळा विजय नऊच. त्यापलीकडे हा संघ कधी गेलाच नव्हता. ६९ सामने जिंकून देणाऱ्या बिल मॅलरींनाही १९९६ मध्ये काढून टाकण्यात आलं. १९९१ नंतर हंगामाअखेरचा असा एकही बोल सामना जिंकलेला नव्हता, आणि पराभवांची बेरीज सातशेच्या वर गेली होती. कॉलेज फुटबॉलच्या वरच्या श्रेणीत इतके पराभव दुसऱ्या कुणाच्याच नावावर नव्हते.

टॉम ॲलन यांनी कोविडच्या तोकड्या २०२० च्या हंगामात ६-२ अशी कामगिरी करून आशा दाखवली, पण पुढच्या तीन वर्षांत ९ विजय आणि २७ पराभव. क्वार्टरबॅक (चेंडू फेकणारा, आक्रमणाचा सूत्रधार) मायकल पेनिक्स संघ सोडून वॉशिंग्टनला गेला आणि त्याने त्या संघाला राष्ट्रीय स्पर्धेच्या अंतिम सामन्यात नेलं. नोव्हेंबर २०२३ मध्ये ॲलन यांना हटवलं. करार मोडण्याचे सुमारे दीड कोटी डॉलर देण्याची तयारी विद्यापीठाने दाखवली, यावरून अस्वस्थता किती होती ते दिसतं.

त्यांच्या जागी आलेले सिग्नेटी तेव्हा ६२ वर्षांचे होते. वडील फ्रँक सिग्नेटी हे वेस्ट व्हर्जिनियाचे माजी प्रशिक्षक, त्यामुळे घरात हाच विषय. कर्ट २००७ ते २०१० अलाबामामध्ये नामवंत प्रशिक्षक निक सेबन यांच्याकडे रिसीव्हर्सचे (फेकलेला चेंडू झेलणाऱ्यांचे) प्रशिक्षक होते, खेळाडू हेरण्याची जबाबदारीही त्यांच्याकडेच होती. मुख्य प्रशिक्षक व्हायचंच म्हणून २०११ मध्ये त्यांनी कमी पगारावर पेनसिल्व्हेनियातल्या दुसऱ्या श्रेणीच्या संघाची नोकरी धरली. मग ईलॉन विद्यापीठ, मग जेम्स मॅडिसन विद्यापीठ. तिन्ही ठिकाणी एकाही हंगामात पराभव विजयांपेक्षा जास्त झाले नाहीत. म्हणूनच ब्लूमिंग्टनमध्ये पत्रकारांनी खेळाडूंना काय सांगून पटवता असं विचारलं, तेव्हा ते म्हणाले, ‘मी जिंकतो. गूगल करून पाहा.’ लोकांना हा माज वाटला. मला ती निव्वळ माहिती वाटते.

पण नुसत्या माणसामुळे हे झालं असं मी म्हणणार नाही. पूर्वी कॉलेज बदललं की खेळाडूला सहसा वर्षभर बाहेर बसावं लागे. त्यामुळे नव्या प्रशिक्षकाला जुन्याची पोरं घेऊनच तीन-चार वर्षं काढावी लागत. २०२१ मध्ये ही अट सैल झाली. त्याच वर्षी खेळाडूंना स्वतःच्या नावावर जाहिरातींतून पैसे कमवायची मुभाही मिळाली. ज्या वाटेने पेनिक्स निघून गेला, त्याच वाटेने सिग्नेटींनी माणसं आणली: जेम्स मॅडिसनमधले डझनभर खेळाडू, दोन्ही प्रमुख सहायक, आणि ओहायो विद्यापीठातून कर्टिस रॉर्क हा क्वार्टरबॅक. तारांकित शाळकरी पोरांपेक्षा कॉलेजच्या मैदानावर घासून निघालेले, वयाने मोठे खेळाडू त्यांना हवे होते.

वेळापत्रकानेही हात दिला. २०१४ पासून इंडियाना बिग टेन या विद्यापीठांच्या लीगच्या पूर्व गटात होता, म्हणजे दरवर्षी ओहायो स्टेट, मिशिगन आणि पेन स्टेट अशा बलाढ्य संघांशी सामना. २०२४ मध्ये संघांची संख्या १८ झाली, गट रद्द झाले, आणि त्या वर्षी पेन स्टेट व ओरेगनशी गाठच पडली नाही.

हंगामाआधी पत्रकारांनी इंडियानाला १८ पैकी सतरावं धरलं होतं. संघाने सलग दहा सामने जिंकले: नेब्रास्का ५६-७, गतविजेता मिशिगन २०-१५. मग ओहायो स्टेटकडून ३८-१५ असा पराभव, आणि परंपरागत प्रतिस्पर्धी पर्ड्यूचा ६६-० ने फडशा. ११-१ वर राष्ट्रीय विजेता ठरवणाऱ्या बारा संघांच्या नव्या प्लेऑफमध्ये जागा मिळाली. तिथे नोत्र दामने २७-१७ ने घरी पाठवलं. सोपे सामने मिळाले म्हणून पोचले, ही टीका तेव्हा जोरात होती, आणि दोन मोठ्या पराभवांकडे पाहता ती अगदीच खोटी नव्हती.

पुढच्या वर्षी ती टीका उरली नाही. २०२५ च्या हंगामात इंडियानाने सोळाच्या सोळा सामने जिंकले. बिग टेनच्या अंतिम सामन्यात ओहायो स्टेटला १३-१० ने आणि १९ जानेवारी २०२६ रोजी मायामीला २७-२१ ने हरवून पहिलं राष्ट्रीय विजेतेपद घेतलं. सर्वोत्तम कॉलेज खेळाडूचा हाइझमन पुरस्कार मिळवणारा क्वार्टरबॅक फर्नांडो मेंडोझा त्याच हंगामासाठी कॅलिफोर्निया विद्यापीठातून (बर्कली) आलेला. मायामीविरुद्ध ज्याने पंट (लाथेने दूर उडवलेला चेंडू) अडवला आणि त्यातून टचडाउन होऊन गुण मिळाले, तो मिकेल कमारा मात्र सिग्नेटींबरोबर जेम्स मॅडिसनहून आलेल्या पहिल्या तुकडीतला.