चिचेन इत्झा: दगड कुणाचे, जमीन कुणाची, पाणी कुणाचं

मेक्सिकोच्या युकातान द्वीपकल्पातल्या कानकुनहून सकाळी निघालेली बस दोनशे किलोमीटर तोडून चिचेन इत्झा या प्राचीन माया संस्कृतीच्या शहराच्या अवशेषांपाशी पोचते. माणसं पिरॅमिडसमोर उभी राहून टाळ्या वाजवतात, पायऱ्यांवरून परत येणारा चिवचिवाटासारखा प्रतिध्वनी ऐकतात, तासाभरात सगळं फिरून बसमध्ये बसतात आणि दुपारी जवळच्या एखाद्या सेनोतेत, म्हणजे तिथल्या नैसर्गिक डोहात, डुंबून संध्याकाळी हॉटेलवर परततात. सहलीच्या पत्रकात या दोन गोष्टी बेरजेच्या चिन्हाने जोडलेल्या असतात: अवशेष अधिक पोहणं. ही बेरीज अलीकडची आहे. मुळात शहर आणि पाणी या दोन गोष्टी वेगळ्या नव्हत्याच. त्या वेगळ्या कशा झाल्या, हे समजायला माया काळापेक्षा विसावं शतक जास्त उपयोगी पडतं.

आधी शब्दाचं पाहू. ‘सेनोते’ हा माया भाषेतल्या ‘त्सोनोत’ या शब्दाचा स्पॅनिश उच्चार. मराठीत त्याला सर्रास ‘विहीर’ म्हटलं जातं, पण विहीर माणूस खणतो. सेनोते ही चुनखडीचं छत आपोआप कोसळून उघडी पडलेली भूमिगत पाण्याची जागा आहे. ‘कुंड’ म्हणावं तर बांधीव घाट डोळ्यांपुढे येतो. मला ‘डोह’ सगळ्यांत जवळचा वाटतो. डोहाचा तळ सांगता येत नाही, त्यात आसरा राहतात, तिथे नैवेद्य सोडतात आणि पोरांना उतरू देत नाहीत. माया माणसाचं सेनोतेशी नातं बरंचसं याच जातीचं होतं. उत्तर युकातानात जमिनीवरून वाहणारी नदी नाही. पाऊस पडला की चुनखडीत जिरतो आणि खालून वाहत समुद्राला मिळतो. युकातान राज्याची राजधानी मेरिदाच्या भोवती तर सेनोत्यांची एक अर्धवर्तुळाकार माळच आहे. 6.6 कोटी वर्षांपूर्वी आदळलेल्या अशनीच्या विवराची कड तिने आजही दाखवून दिली आहे. त्याच सुमारास आपल्याकडे दख्खनचा लाव्हा वाहत होता. डायनासोर अशनीने संपवले की लाव्हाने, या वादात युकातान आणि सह्याद्री म्हणूनच समोरासमोर येतात.

‘चिचेन इत्झा’ या नावाचा अर्थच ‘इत्झांच्या विहिरीच्या मुखाशी’ असा होतो; इत्झा हे माया लोकांतल्या एका गटाचं नाव. नवव्या ते अकराव्या शतकात भरात असलेल्या या शहरात दोन मोठे सेनोते होते. श्तोलोक नावाचा शहराच्या मध्याजवळचा, रोजच्या पाण्याचा. दुसरा उत्तरेला, पिरॅमिडच्या पटांगणापासून सुमारे तीनशे मीटरच्या उंच बांधीव रस्त्याने जोडलेला, अर्पणाचा. त्याचा व्यास सुमारे 60 मीटर, कडे उभे ताशीव आणि पाणी खूप खाली. त्यात जेड, कोपाल नावाचा धूप, पार मध्य अमेरिकेच्या दक्षिण टोकाकडून आलेलं सोनं आणि माणसंही टाकली गेली. ‘कुमारिकांचा बळी’ ही कथा बसमध्ये अजून ऐकू येते, पण वर आलेल्या हाडांत मुलं आणि पुरुषही आहेत. 2024 साली याच सेनोतेजवळच्या एका भूमिगत टाक्यातल्या 64 बालकांच्या हाडांचा जनुकीय अभ्यास प्रसिद्ध झाला. ते सगळे मुलगे निघाले, अनेक एकमेकांचे जवळचे नातलग, आणि त्यात एकसारख्या जुळ्यांच्या दोन जोड्या. कुमारिकांची ती कथा इतकी वर्षं इतक्या सहज सांगितली गेली, याचं वाईट वाटतं.

पोहण्यासाठी मात्र या दोहोंपैकी एकही नव्हता. आजही अर्पणाच्या सेनोतेत उतरायला बंदी आहे, कड्यावरून वाकून पाहायचं आणि मागे फिरायचं. म्हणून सहल दुसऱ्या पाण्याकडे वळते.

आता जमिनीची गोष्ट. 1894 साली युकातानात अमेरिकेचा वाणिज्यदूत असलेल्या एका गृहस्थाने इथली पडीक हासिएंदा, म्हणजे जमीनदारी वाडा आणि त्याची शेतजमीन, विकत घेतली. त्या जमिनीच्या हद्दीत अख्खं प्राचीन शहर येत होतं! 1904 पासून त्याने अर्पणाच्या सेनोतेवर यारी उभी केली आणि लोखंडी जबडा खाली सोडून तळातला गाळ उपसायला सुरुवात केली, पुढे पाणबुडेही उतरवले. निघालेल्या वस्तू गुपचूप अमेरिकेतल्या एका विद्यापीठाच्या संग्रहालयात गेल्या. प्राचीन वास्तू राष्ट्राच्या मालकीच्या आणि परवानगीशिवाय वस्तू देशाबाहेर नेता येणार नाहीत, हा कायदा मेक्सिकोत 1897 पासून होता. 1926 साली सरकारने हासिएंदा जप्त केली. 1944 साली सर्वोच्च न्यायालयाचा निकाल मालकाच्या बाजूने लागला. तो मालक तोवर वारला होता, जमीन वारसांकडे आली आणि त्यांनी ती मेरिदातल्या पर्यटन व्यवसायातल्या एका कुटुंबाला विकली. नेलेल्या वस्तूंपैकी काही 1970च्या दशकात परत आल्या, सगळ्या नाहीत.

हा 1944चा निकाल मला या सगळ्या इतिहासातला कळीचा प्रसंग वाटतो. त्यानंतरची पासष्ट वर्षं चिचेन इत्झा विचित्र अवस्थेत राहिलं: पिरॅमिड राष्ट्राचा, पण तो ज्या मातीवर उभा आहे ती माती खासगी. 1972च्या स्मारक कायद्याने दगडावरचा राष्ट्राचा हक्क पक्का झाला, जमिनीच्या सातबाऱ्याला (तिथे जे काही असेल त्याला) त्याने हात लावला नाही. पटांगणातलं गवतही एका कुटुंबाचं होतं. 1988 साली जागतिक वारसा यादीत नाव आलं, 2007 साली नव्या सात आश्चर्यांत निवड झाली, तेव्हाही हेच चित्र होतं.

शेवटी 2010 साली युकातानच्या राज्य सरकारने स्मारकांखालची सुमारे 83 हेक्टर जमीन 22 कोटी पेसोंना विकत घेतली. या खरेदीवर दोन्हीकडून बोललं गेलं. बाजूचे म्हणत, उशिरा का होईना जमीन सार्वजनिक झाली. विरोधकांचा प्रश्न होता की जे राष्ट्राचंच असायला हवं होतं त्यासाठी जनतेचा पैसा का, आणि खरेदी राज्याने का केली, केंद्राने का नाही? दोन्ही बाजूंत तथ्य आहे. पण या दोन्ही बाजूंत पिस्तेसारख्या शेजारच्या माया गावांचा आवाज फार थोडा होता. उत्खननाच्या चरांत राबले ते याच गावचे हात, आणि आज अवशेषांच्या आवारात सावलीला चादर अंथरून लाकडी मुखवटे आणि जग्वारच्या डरकाळीची शिट्टी विकतात तीही याच गावची माणसं. त्यांना तिथे बसू द्यायचं की नाही, हा वाद खरेदीच्या आधीही होता आणि नंतरही संपला नाही. रस्ते अडवण्यापर्यंत तो पोचला आहे.

खरेदीनंतरही कारभार दुहेरीच राहिला. वास्तू केंद्राच्या पुरातत्त्व संस्थेकडे, आवारातल्या सोयी राज्याच्या संस्थेकडे. म्हणून दारात दोनदा पैसे भरावे लागतात, एक तिकीट केंद्राचं आणि एक राज्याचं. सहलीच्या पत्रकात ‘प्रवेशशुल्क वेगळे’ असं बारीक अक्षरात लिहिलेलं असतं, त्याचा उगम असा थेट त्या हासिएंदापर्यंत जातो.

एका दिवसात जाऊन यायची पद्धत मात्र कानकुनची देणगी. 1920च्या दशकात इथे येणारे लोक आगबोटीने प्रोग्रेसो बंदरात उतरत, मेरिदाहून आगगाडीने आणि पुढे 1923 साली खुल्या झालेल्या रस्त्याने येत आणि अवशेषांशेजारीच मुक्काम करत. 1970च्या दशकात सरकारने ठरवून कानकुन हे किनारी पर्यटनशहर वसवलं. मग टोलचा महामार्ग आला आणि मुक्काम संपला. पिरॅमिडवर चढणंही संपलं: 2006 साली एक पर्यटक महिला पायऱ्यांवरून कोसळून मरण पावली आणि चढाई कायमची बंद झाली. तो निर्णय योग्यच होता, त्या अरुंद उभ्या पायऱ्या रोजच्या हजारो बुटांसाठी नव्हत्या. पण चढणं गेल्यावर सहलीत अंगाला काही जाणवावं अशी एकच गोष्ट उरली, ती म्हणजे पाणी.

या पाण्याची मालकी आणखी गुंतागुंतीची आहे. 1917च्या राज्यघटनेच्या 27व्या कलमानुसार जमीन आणि पाणी मूलतः राष्ट्राचं. पण डोहाच्या काठाची जमीन कुणा खासगी मालकाची किंवा ‘एहिदो’ची असते. एहिदो म्हणजे क्रांतीनंतर गावाला सामाईक दिलेली जमीन. 1992च्या घटनादुरुस्तीने ती विकण्याची वाट मोकळी झाली, आणि कानकुन-तुलुम पट्ट्यात ती वाट किती धावती झाली हे तिथली हॉटेलं सांगतात. पाणी राष्ट्राचं असलं तरी त्याच्यापर्यंत नेणारा जिना ज्याचा, तिकीट त्याचं.

बसगाड्यांचा आवडता इक किल हा सेनोते अवशेषांपासून तीनेक किलोमीटरवर आहे. आधी शॉवरखाली उभं राहून अंगावरचं सनस्क्रीन धुवायचं, मग लाइफ जॅकेट घालून दगडात कोरलेल्या ओल्या जिन्याने पंचवीसेक मीटर खाली उतरायचं. वरच्या कडेवरून झाडांची मुळं दोरखंडासारखी थेट पाण्यापर्यंत लोंबतात. सनस्क्रीनचा नियम नुसता शिस्तीचा नाही. एका सेनोतेत मिसळलेलं तिथेच राहत नाही, खालून पुढच्या सेनोतेत आणि शेवटी समुद्रात जातं. चिचेन इत्झाच्या त्या मुख्य, कुकुलकानच्या पिरॅमिडखालीसुद्धा पाण्याने भरलेली पोकळी असल्याचं 2015 साली विद्युत-सर्वेक्षणातून दिसलं.

डिसेंबर 2023 मध्ये माया रेल्वे सुरू झाली आणि चिचेन इत्झाला स्वतःचं स्टेशन मिळालं. जुन्या महामार्गालगत जायचा तिचा कानकुन-तुलुम टप्पा 2022 साली आत जंगलात वळवला गेला. तिथे रूळ पेलायला पोलादी खांब चुनखडी फोडून खालच्या गुहांत आणि त्यांतल्या पाण्यात रोवले गेले. न्यायालयाची स्थगिती आली, तेव्हा प्रकल्प राष्ट्रीय सुरक्षेचा ठरवून काम पुढे नेलं गेलं. गुहांत उतरणाऱ्या पाणबुड्यांनी त्या खांबांचे फोटो काढून आणले, म्हणून बाहेरच्यांना ते दिसले तरी.

मेरिदाच्या आग्नेयेला होमुन नावाचं गाव आहे. पूर्वी शेतावर राबणारी तिथली कुटुंबं आता तीनचाकी गाड्यांतून पाहुण्यांना एका सेनोतेवरून दुसऱ्या सेनोतेवर नेतात. तिथे 49 हजार डुकरांचं एक वराहपालन केंद्र उभं राहिलं तेव्हा त्याचं सांडपाणी कुठे जिरणार, हे गावाला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. अर्ज गावातल्या मुलांच्या नावाने न्यायालयात गेला. 2018 साली त्या केंद्राचं काम थांबवण्याचा आदेश निघाला आणि 2021 साली सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला.