रुजवण (कल्पित वनस्पतिविद्या)

रुजवण ही सातारा जिल्ह्याच्या डोंगरपट्ट्यात घडणाऱ्या कथाविश्वासाठी रचलेली कल्पित जादूविद्या आहे. मुळांवर उभ्या असलेल्या जिवंत झाडाला काम सांगायचे आणि त्याने ते केले की फेड करायची, एवढाच तिचा गाभा. तोडलेली फांदी, वाळलेली मुळी, कुटलेले चूर्ण यांना या विद्येत ‘मुके’ म्हणतात. त्यांच्या हातून काही होत नाही. विद्या जाणणारा तो रुजवणकरी. विद्या मनची असली तरी तिच्यातली झाडे, माती आणि ऋतू खरे आहेत, आणि नियम त्या झाडांच्या स्वभावातूनच काढले आहेत. प्रस्तुत लेखकाला ती जवळची वाटते ती याचमुळे.

नाव नवरात्रातल्या घटावरून आले आहे. घटस्थापनेला पत्रावळीवर शेतातली माती पसरून धान्य पेरतात, नऊ दिवसांत पिवळसर कोंब वर येतात आणि दसऱ्याला ते टोपीत खोवतात. त्या उगवणीवरून बियाण्याचा कस पाहण्याची शेतकऱ्याची रीत जुनी आहे. शिष्याची पहिली परीक्षाही घटाजवळच होते. नऊ दिवस शेजारी बसायचे, एकही दाणा उकरायचा नाही आणि दहाव्या सकाळी न उगवलेले दाणे कुठे आहेत ते बोटाने दाखवायचे. उकरणाऱ्याला घरी पाठवतात.

काम सांगण्याच्या विधीला सांगावा म्हणतात. झाडपाला जाणणारी जुनी माणसे औषधी उपटण्याआधी आदल्या दिवशी तिला आमंत्रण देतात; बुंध्याशी हळदकुंकू, तांदूळ, सुपारी ठेवतात. रुजवणीत उपटणे नाही, आमंत्रण मात्र चुकत नाही. सांजेला अनवाणी जाऊन रुजवणकरी हळू आवाजात म्हणतो, “बाई, उद्या दिस उगवायच्या आत येतो. काम हाय जरा. राग धरू नगंस.” रात्रीतून अक्षतांवर पान गळून पडले असेल तर तो नकार, त्याचा जाब विचारायचा नाही. एरवी पहाटे, आपली सावली झाडावर पडण्याआधी, काम एका वाक्यात सांगायचे. झाड ते आपल्या गतीने करते. उंबराजवळ पाणी असते असे पाणाडे सांगतात, म्हणून पाण्याचा शोध उंबरालाच सांगतात. त्याला पंधरवडा लागतो. तेवढा दम नसलेल्याने या वाटेला जाऊ नये.

विद्येचा सर्वांत अवघड भाग कास पठारावर शिकवला जातो. साताऱ्याच्या पश्चिमेला पंचवीसेक किलोमीटरवर, सुमारे १२०० मीटर उंचीवरचे हे जांभ्या दगडाचे पठार पश्चिम घाटाच्या इतर ठिकाणांसोबत २०१२ मध्ये जागतिक वारसा यादीत गेले. दगडावर मातीचा थर बोटभर, त्यात नत्र जवळजवळ नाही. म्हणून इथल्या काही वनस्पती किडे खातात. ‘सीतेची आसवे’ ही निळ्या-जांभळ्या फुलांची वनस्पती पाहून कोणाला खरे वाटणार नाही, पण तिच्या जमिनीतल्या बारीक पिशव्या पाण्यातले सूक्ष्म जीव गिळतात. ‘दवबिंदू’ ही दुसरी वनस्पती तर गुडघे टेकून पाहावी. लालसर केसांच्या टोकांवर चिकट थेंब, ऊन चढले तरी न सुकणारे; चिलट त्यावर टेकले की सुटायची धडपड करते, तसतसे आजूबाजूचे केस सावकाश त्याच्यावर वाकतात. रुजवणीत यांना ‘भुकेली’ म्हणतात. ती कोणतेही काम ताबडतोब करतात, फेड मात्र रक्तामांसाची मागतात. नवशिक्याला पठारावर हात कमरेमागे बांधून चालायला लावतात.

जावळी तालुक्यातल्या वडाच्या म्हसव्यात दीक्षा होते. तिथला वड पारंब्यांचीच खोडे होऊन इतका पसरला आहे की एक झाड की वन, ते ओळखू येत नाही. शिष्य हवी ती पारंबी निवडतो. उत्तर सगळ्या झाडाकडून येते.

सांगलीकडच्या घराण्याशी साताऱ्याचा एक वाद अजून मिटलेला नाही. हळदीचे जेठे गड्डे, म्हणजे मूळ कंद, बेण्यासाठी काढून ठेवतात आणि अक्षय्यतृतीयेच्या सुमारास लावतात. मधल्या काळात गड्डा मातीबाहेर असतो, मुळे नसतात. सातारकर त्याला मुका मानतात. सांगलीकर म्हणतात की तो झोपलेला आहे, त्याला हाक मारता येते. शिजवून वाळवलेली, पूर्वी हरिपूरच्या पेवांत (जमिनीखालच्या कोठारांत) साठवत ती हळद मात्र दोघांच्याही मते मुकीच. या वादात प्रस्तुत लेखक सांगलीच्या बाजूचा आहे: डोळा फुटलेला गड्डा ज्याने हातात धरला आहे, त्याला तो मेलेला वाटणे शक्य नाही.

रुजवणीत एकाच गुन्ह्याला माफी नाही: वणवा. पुढच्या साली गवत जोमाने येते या समजुतीने साताऱ्याचे डोंगर उन्हाळ्यात आजही पेटवले जातात. विद्येच्या नियमाने जळालेली उतरण बारा वर्षे बहिरी होते. सांगावा पोहोचतच नाही. पेटवणाऱ्याला पुढे कुठलेच झाड ओळख देत नाही, दारातली तुळससुद्धा.

कारवी या डोंगरउतारावरच्या झुडपाचा नियम वेगळा आहे. तिच्या काठ्यांचे कुड घालून वर शेणमातीने लिंपतात. तो कुड अर्थातच मुका. उभी कारवी सात वर्षांनी एकदा फुलते, बी धरते आणि मरते. त्या सात वर्षांत तिला एकच प्रश्न विचारता येतो आणि उत्तर फुलोऱ्यातच मिळते. कारवी सात वर्षे ऐकते, म्हणून घराण्यातली सुखदुःखे तिच्यापाशी बोलून ठेवायची प्रथा आहे. फुलोऱ्यानंतरच्या पावसाळ्यात त्याच उतरणीवर नवी रोपे येतात. त्यांना जुने काही आठवत नसते. रुजवणकरी पुन्हा हळदकुंकू घेऊन जातो आणि आपले नाव, गाव, आईचे नाव पहिल्यापासून सांगतो.