चित्रासाठी रीमास्टर, आवाजासाठी कॅसेट

‘‘ड्रॅगन बॉल झी’चं रीमास्टर आलं ना, मग टीव्हीवरून भरून घेतलेल्या त्या जुन्या कॅसेटी कशाला जपायच्या?’ हे ऐकून ऐकून कान किटले.

रीमास्टर म्हणजे मूळ फिल्मवरून नव्याने काढलेली स्वच्छ प्रत. ‘ड्रॅगन बॉल झी’ ही जपानी कार्टून मालिका १९८९ ते १९९६ जपानच्या फुजी टीव्हीवर चालली. २९१ भाग, सगळे १६ मिमी फिल्मवर. ती फिल्म नीट स्कॅन केली की चित्राच्या बाबतीत व्हीएचएस (घरगुती व्हिडिओ कॅसेट) तिच्यापुढे उभीसुद्धा राहत नाही. (२००७ साली मालिकेची अमेरिकन वितरक फुनिमेशनने चौकोनी चित्राला वरून-खालून कात्री लावली आणि फिल्मचा रवा (तिच्यावरचे नैसर्गिक बारीक कण) घासून चेहरे गुळगुळीत केले. त्याला रीमास्टर म्हणायला माझी जीभ रेटत नाही.) मूळ रंग कोणते, यावर हवं तेवढं भांडा.

खरी गल्लत आवाजात होते. चित्र फिल्मवरून उत्तम मिळतं, म्हणजे आवाजही तिथूनच उत्तम मिळणार, असं लोक धरून चालतात. इथे नेमकं उलटं आहे. प्रसारणाचा आवाज चुंबकीय टेपवरून जायचा आणि त्या टेपा पुढे जपल्या गेल्या नाहीत. उरला तो फिल्मच्या कडेला छापलेला ऑप्टिकल ध्वनिपट, म्हणजे प्रकाशाने वाचली जाणारी आवाजाची पट्टी. १६ मिमी फिल्म ३५ मिमीच्या निम्म्याहून कमी वेगाने सरकते, त्यामुळे उंच कंपनं त्या पट्टीवर मावतच नाहीत. २००३ च्या जपानी डीव्हीडी संचात हाच आवाज आहे. शुनसुके किकुची यांच्या संगीतातल्या झांजा आणि ट्रम्पेट तोंडावर उशी दाबल्यासारखे ऐकू येतात.

त्या काळात जपानमधल्या काही घरांत हाय-फाय व्हीसीआर, म्हणजे उंच दर्जाचा आवाज भरणारी कॅसेट यंत्रं, होती. त्यांचा ध्वनिपट २० किलोहर्ट्झपर्यंतचा, म्हणजे माणसाच्या कानाला ऐकू येणारा जवळजवळ सगळा आवाज धरतो, म्हणजे प्रसारणातून आलेलं सगळं त्यावर उतरलं. चित्र भुरकट, रंग सांडलेले, मध्येच बातमीची पट्टी, पण आवाज अस्सल. म्हणून चाहते चित्र फिल्मवरून घेतात, आवाज कॅसेटवरून, आणि दोन्ही जुळवतात. फिल्मची आणि प्रसारणाची लांबी तंतोतंत सारखी नसते, त्यामुळे प्रसंगागणिक सरकवत बसावं लागतं. आवाज मोनो, म्हणजे एकाच वाहिनीचा, आहे तो मोनोच ठेवायचा; चहूबाजूंनी येतो असं भासवणारा खोटा सराउंड मला खपत नाही.

आणि कृपा करून कॅसेटची खरखर सॉफ्टवेअरने पुसू नका, तिच्याबरोबर झांजाही जातात. कॅसेट साध्या, हाय-फाय नसलेल्या व्हीसीआरवर भरलेली असेल, तर मात्र तिच्या आवाजाच्या नादी लागण्यात फारसा अर्थ नाही. तिच्यावरच्या प्रायोजकांच्या पाट्या तेवढ्या उतरवून घ्या.