अराजकतावादी (अमेरिकी मूक लघुपटांतील)

अराजकतावादी म्हणजे कोणतीही राजसत्ता नको म्हणणारा; विसाव्या शतकाच्या आरंभीच्या अमेरिकी लघुपटांत पुन्हा पुन्हा येणारे भीतीचे पात्र. शिकागोच्या हेमार्केट चौकात ४ मे १८८६ रोजी पोलिसांवर बाँब पडला. तो कोणी टाकला हे अखेरपर्यंत सिद्ध झाले नाही, तरी चौघा अराजकतावाद्यांना फाशी झाली. जळत्या वातीचा काळा गोळा तेव्हापासून व्यंगचित्रांत रुळला. पडद्याला तो तयारच मिळाला.

६ सप्टेंबर १९०१ रोजी बफलोच्या प्रदर्शनात लिऑन चॉलगॉश या अराजकतावाद्याने राष्ट्राध्यक्ष मॅकिन्ली यांच्यावर गोळ्या झाडल्या. चित्रपट काढणाऱ्या एडिसन कंपनीचा कॅमेरा प्रदर्शनातच होता. हल्ला त्याला टिपता आला नाही, पण सभागृहाबाहेर उसळलेली गर्दी मिळाली. २९ ऑक्टोबरला ऑबर्न तुरुंगात चॉलगॉशला विजेच्या खुर्चीत देहान्त शिक्षा झाली. कंपनीचा दिग्दर्शक एडविन पोर्टर याने तुरुंगाच्या भिंतींचे खरे चित्रीकरण केले आणि आतला प्रसंग स्टुडिओत नटांकडून करवून घेऊन त्याला जोडला. खऱ्या भिंती आधी दिसल्यामुळे पुढची खोटी खुर्चीही खरी वाटते. आरोपीच्या मतांविषयी चित्रपटात अवाक्षर नाही. शिक्षा तेवढी सविस्तर. अराजकतावाद्यांना देशात येण्यास बंदी घालणारा कायदा १९०३ मध्ये झाला.

दिग्दर्शक ग्रिफिथच्या ‘द व्हॉइस ऑफ द व्हायोलिन’मध्ये (१९०९) राजकारण प्रेमभंगापुरते उरते. श्रीमंत शिष्येने नाकारलेला व्हायोलिनशिक्षक अराजकतावाद्यांच्या कटात सामील होतो, पण बाँब तिच्याच घरी ठेवायचा आहे हे कळताच उलटतो. श्रीमंत-गरीब हा प्रश्न लग्नाने मिटवण्याची ही सोय फारच स्वस्त आहे. चॅप्लिनच्या ‘डो अँड डायनामाइट’मध्ये (१९१४) तर संपकरी बेकरी कामगारच पावात सुरुंग दडवतात. म्हणजे संप करणारा आणि स्फोट करणारा यांत प्रेक्षकाने फरक करू नये.

वॉल स्ट्रीटवर १६ सप्टेंबर १९२० रोजी घोडागाडीतल्या स्फोटात तीसहून अधिक माणसे मेली. गुन्हेगार सापडले नाहीत. दोन वर्षांच्या आत आलेल्या बस्टर कीटनच्या ‘कॉप्स’मध्येही (१९२२) घोडागाडीच आहे. पोलिसांच्या संचलनात चुकून शिरलेल्या गाडीवर छतावरून बाँब पडतो. कीटन त्याच्या वातीवर निवांत सिगारेट पेटवतो आणि बाँब भिरकावून देतो. शहरातले झाडून सारे पोलीस त्याच्यामागे लागतात. छतावरच्या माणसाला मात्र कोणीच शोधत नाही.