बातम्यांची नक्कल आणि ‘उपरोधिक’ची अडचण

नकलेतून टोमणा मारणारा वगातला सोंगाड्या नि बतावणी सगळ्यांना ठाऊक आहे, ते इथे उगाळत नाही; बोलायचंय ते बातम्यांच्या नकलेबद्दल. ब्रिटनमध्ये १९६२ साली सुरू झालेला, आठवड्याच्या बातम्यांची टर उडवणारा टीव्ही कार्यक्रम १९६३ अखेर गुंडाळला गेला, कारण पुढचं वर्ष निवडणुकीचं होतं. आपल्याकडे खासगी वृत्तवाहिन्यांचं पेव फुटल्यावर पुढाऱ्यांच्या बाहुल्या नि खोटे निवेदक आले.

बेळगाव, खानापूर, निपाणीकडे मात्र हा प्रकार आम्ही पडद्याआधी गणपतीच्या मांडवात पाहिला. पुठ्ठ्याच्या खोक्याला चौकोनी भोक, त्यात पावडर लावलेलं पोराचं तोंड. ‘राकसकोप धरण तुडुंब भरलं. नळाला पाणी कधी, ते उद्याच्या बातम्यांत.’ १ नोव्हेंबर २०१४ ला बेळगावचं सरकारी नाव बदलून ‘बेळगावी’ झालं आणि पोरांना आयता विनोद मिळाला. ‘बेळगा...’ म्हणून अडायचं, खोका थडाथडा बडवायचा, ‘प्रक्षेपणात व्यत्यय!’

हेच केबलवर दाखवायचं तर गाडी अडते १९९४ च्या केबल नियमावलीतल्या सहाव्या नियमाशी. भाषिक नि प्रादेशिक गटांकडे बघण्याची दृष्टी निंदेची, उपरोधिक आणि तुच्छतेची नको, असं तो म्हणतो. निंदा कळते, तुच्छताही कळते. उपरोध त्यांच्या पंगतीला कुणी बसवला? उलटं बोलून सुलटं सांगणं हा काय गुन्हा आहे? शिवाय तिन्ही एकत्र हवेत की एकही पुरे? मजकुरात ‘आणि’ आहे, तक्रार करणारा ‘किंवा’ वाचतो. निवेदकाची ढब उचलायची तर त्याची बोली येणारच, आणि सीमाभागात बोली म्हणजेच गट. आपल्याच माणसानं ‘पाऊस येऊलाय’ म्हटलं की हशा, समोरच्याचा हेल काढला की अपमान. हे दोन्हीकडून चालतं, आपण मराठी माणसं त्यात मागे नाही.

त्यात १९९५ च्या केबल कायद्याने, भाषेवरून वैर वाढेल असं वाटलं तरी प्रक्षेपण थांबवण्याचा अधिकार डीसींना, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांना, नि पोलीस आयुक्तांना दिलाय. केबलवाला हे जाणून असतो, म्हणून आधीच ‘नको बाबा’ म्हणतो.

जून २०२१ मध्ये तक्रारीला तीन पायऱ्या आल्या. आधी वाहिनी, मग वाहिन्यांची स्वनियमन संस्था, शेवटी केंद्राची देखरेख. ‘उपरोधिक’ जागचा हलला नाही. पोरं तोवर मोबाईलवर गेली होती. तिथली, ऑनलाइन मजकूर आक्षेपार्ह ठरला की शिक्षा देणाऱ्या माहिती तंत्रज्ञान कायद्यातल्या ६६अ कलमाची टांगती तलवार सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्येच काढली, आणि एका विनोदवीराच्या याचिकेवर २०२४ मध्ये सरकारी तथ्यपडताळणीचा, म्हणजे सरकारबद्दलचा ऑनलाइन मजकूर खोटा की खरा हे सरकारी पथकानंच ठरवण्याचा, नियमही मुंबई उच्च न्यायालयात पडला.

आता पोरांपुढे रिंगलाइट असतो. खोका मात्र पुठ्ठ्याचाच ठेवलाय, बडवल्यावर आवाज त्याचाच चांगला येतो.