सीचिन गाओवा

सीचिन गाओवा (जन्म : १९५०, ग्वांगझौ). चिनी चित्रपट व दूरचित्रवाणीवरील चरित्र अभिनेत्री. जन्मनाव दुआन आनलिन. ‘सीचिन गाओवा’ हे मंगोल नाव असून त्याचा अर्थ ‘शहाणी, देखणी’ असा होतो. त्यात आडनाव नाही. चीनमधील अंतर्गत मंगोलियात वाढलेल्या गाओवा १९६५ मध्ये तेथील गीत-नृत्य मंडळात नर्तकी म्हणून दाखल झाल्या. १९७९ च्या पहिल्या चित्रपटात त्यांनी जखमी जपानविरोधी सैनिकाला आसरा देणारी सोशिक तरुण विधवा साकारली.

तशाच भूमिका पुढेही मिळत राहिल्या असत्या, पण १९८२ मध्ये दिग्दर्शक लिंग झिफंग यांनी चिनी कादंबरीकार लाओ श यांच्या ‘लोतुओ श्यांगझ’ या कादंबरीवरील चित्रपटासाठी त्यांना हूनिउची भूमिका दिली. हूनिउ म्हणजे ‘वाघीण पोरगी’. बीजिंगमधील हातरिक्षांच्या अड्डामालकाची ही मुलगी. (रिक्षा माथेरानच्या हातरिक्षेच्या जातीची, पण ओढणारा एकटाच.) कादंबरीतली हूनिउ सदतीस-अडतिशीची, दात पुढे आलेली, तोंडाळ, खोटे गरोदरपण दाखवून रिक्षा ओढणाऱ्या श्यांगझला लग्नात अडकवणारी आणि शेवटी बाळंतपणात अडून मरणारी. गाओवा तेव्हा बत्तिशीच्या आसपास होत्या. अशी भूमिका दोन बाजूंनी बिघडते : नुसता आरडाओरडा केला तर ती विनोदी कजाग बाई होते, आणि कणव मागितली तर वाघीण उरत नाही. गाओवांची हूनिउ दरडावते तेव्हाच हा माणूस निसटेल ही धास्तीही दिसते. या भूमिकेसाठी १९८३ चा सुवर्ण कोंबडा हा चिनी चित्रपट पुरस्कार अभिनेत्री पान होंग यांच्यासोबत विभागून मिळाला. हा पुरस्कार परीक्षक देतात; प्रेक्षकांच्या मतांवर ठरणारा शतपुष्प पुरस्कारही त्याच वर्षी त्यांनाच मिळाला.

श्ये फेई यांच्या १९९३ च्या चित्रपटात त्या तिळाच्या तेलाची घाणी चालवणाऱ्या बाई आहेत. स्वतः लहानपणी विकली गेलेली ही बाई आपल्या मतिमंद, फेफरे येणाऱ्या मुलासाठी पैसे मोजून सून आणते. सोसणारी आणि सोसायला लावणारी एकच, हा गाओवांचा खरा प्रांत. चित्रपटाला बर्लिन चित्रपट महोत्सवाचे सुवर्ण अस्वल हे सर्वोच्च पारितोषिक विभागून मिळाले.

त्याआधी १९८९ मध्ये दिग्दर्शक स्टॅनली क्वान यांच्या न्यूयॉर्कमध्ये घडणाऱ्या चित्रपटात त्या सिल्व्हिया चांग व मॅगी च्युंग या अभिनेत्रींसोबत होत्या. २००१ मध्ये छोट्या पडद्यावर दोन कर्त्या बायका आल्या : सम्राट कांगशीची मंगोल आजी श्याओझ्वांग आणि बीजिंगच्या औषधविक्रेत्या घराण्याची दुसरी मालकीण. घराघरांत त्या ओळखीच्या झाल्या त्या मुख्यतः या मालिकांमुळे. अ‍ॅन हुई यांच्या २००६ च्या चित्रपटातील शांघायची निवृत्त, मानी, पण भामट्याला भुलणारी मावशी ही त्यांची उतारवयातील सर्वांत मोठी भूमिका. तिच्यासाठी २००८ मध्ये हाँगकाँग चित्रपट पुरस्कार मिळाला.

पती छन ल्यांगशंग हे स्वित्झर्लंडस्थित वाद्यवृंद-संचालक.