गृहकर्जाचा अर्ज: कागद कुठे अडतात आणि हप्त्यामागे किती रक्कम असते

गृहकर्ज मागायला गेलेला माणूस बहुधा एकच आकडा विचारून येतो: हप्ता किती बसेल? बँकवालेही तोच सांगतात, कारण तो ऐकायला बरा वाटतो. 50 लाखांचं कर्ज, 8.5 टक्के व्याज, 20 वर्षं, म्हणजे महिना साधारण 43,400 रुपये. परवडतंय की! आणि सही होते. त्या 43,400 ला 240 ने गुणून बघणारा मला क्वचितच भेटला. उत्तर 1 कोटी 4 लाखांच्या आसपास येतं.

आमच्या सोसायटीतले आणि आजूबाजूचे लोक कर्जाची फाइल जुळवायला माझ्याकडे येतात. कुणाचा अर्ज परत आलेला असतो, कुणाचं कर्ज मंजूर होऊनही व्यवहार अडकलेला असतो. तीच ती कारणं पुन्हा पुन्हा सांगून कंटाळा आला, म्हणून एकदाच लिहून काढतोय.

पात्रता आणि नेहमीचे कागद

यात फारसं काही नाही. पॅन, आधार, नोकरदाराला तीन महिन्यांच्या पगाराच्या स्लिपा, दोन वर्षांचे फॉर्म 16, सहा महिन्यांचं खात्याचं स्टेटमेंट. व्यवसाय असेल तर दोन-तीन वर्षांची विवरणपत्रं, ताळेबंदासकट. सगळे हप्ते मिळून हातात येणाऱ्या पगाराच्या साधारण निम्म्यापुढे जाऊ नयेत, असं बहुतेक बँका बघतात. नोकरदाराचं कर्ज निवृत्तीच्या वयापर्यंत फिटावं, ही दुसरी अट. घर दोघांच्या नावावर असेल तर दोघंही कर्जात हवेत.

खरी मेख सिबिलमध्ये, म्हणजे आपल्या जुन्या-नव्या कर्जांच्या परतफेडीची नोंद ठेवणाऱ्या अहवालात असते. तिथे 'क्लोज्ड' आणि 'सेटल्ड' हे दोन वेगळे शब्द आहेत. पूर्वी क्रेडिट कार्डाच्या थकबाकीवर वसुलीवाल्याशी घासाघीस करून कमी पैशांत विषय मिटवला असेल, तर आपल्या लेखी तो संपला, पण अहवालात तो 'सेटल्ड' म्हणून बसलेला असतो आणि नकार नेमका तिथूनच येतो. मेव्हण्याच्या गाडीच्या कर्जाला जामीन राहिला असाल तर तेही तुमच्याच अहवालात दिसतं. चारही क्रेडिट संस्था वर्षातून एकदा पूर्ण अहवाल फुकट देतात. घर बघायला निघण्याआधी तो काढा. चूक असेल तर तक्रार करा. 30 दिवसांत निकाल लागला नाही तर पुढच्या प्रत्येक दिवसाला 100 रुपये भरपाई द्यावी, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. बिल्डरला टोकन देऊन झाल्यावर अहवाल काढणाऱ्यांना मात्र हे 30 दिवस युगासारखे वाटतात.

खिशातून किती जाणार

'बँक 80 टक्के देते' हे वाक्य लोक अर्धवट ऐकतात. 30 लाखांपर्यंतच्या कर्जाला घराच्या किमतीच्या 90 टक्क्यांपर्यंत, 30 ते 75 लाखांना 80 पर्यंत आणि त्यावर 75 टक्क्यांपर्यंत, ही रिझर्व्ह बँकेने घातलेली कमाल मर्यादा आहे. शिवाय ही टक्केवारी फक्त घराच्या किमतीवर. 10 लाखांपुढच्या घराला मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी त्या किमतीत धरता येत नाही.

पुण्यातला साडेबासष्ट लाखांचा तयार फ्लॅट घ्या. 50 लाख कर्ज मिळालं, साडेबारा लाख आपले. शिवाय फ्लॅटच्या पूर्ण किमतीवर 7 टक्के मुद्रांक शुल्क, म्हणजे 4 लाख 37 हजार 500. नोंदणीचे 30 हजार. गहाणाच्या नोटिशीचं शुल्क, ज्याबद्दल पुढे सांगतो, साधारण 15 हजार. झाले सव्वासतरा लाखांच्या वर, आणि प्रोसेसिंग फी, वकील, दलाल, सोसायटीची ट्रान्सफर फी अजून बाकीच आहे. फ्लॅट बांधकाम चालू असलेला असेल तर 5 टक्के जीएसटी वेगळा. मग हे पैसे उभे करायला लोक पर्सनल लोन काढतात, गृहकर्जाची पात्रता त्यामुळे घटते आणि मंजुरीची रक्कम खाली येते. हे चक्र मी इतक्यांदा बघितलंय की आता पहिला प्रश्न 'रोख किती आहे' हाच विचारतो.

महिलांना मुद्रांक शुल्कात जी 1 टक्का सवलत आहे, तीही नीट वाचा. खरेदीदार फक्त महिला असेल तरच ती मिळते. नवरा-बायको दोघांच्या नावावर घेतलं की गेली. घर बायकोच्या एकटीच्या नावावर आणि कर्जात नवरा सहकर्जदार, असं बऱ्याच बँका चालवून घेतात. वरच्या उदाहरणात साडेबासष्ट हजार वाचतात. अर्थात घरात तेवढा विश्वास हवा. तो कागद माझ्याकडे नाही.

घराचे कागद

अर्जदार चोख, पगार चोख, आणि तरी फाइल परत येते ती इथून.

रीसेलच्या फ्लॅटला बँकेचा वकील 'चेन' मागतो. म्हणजे बिल्डरने पहिल्या मालकाला दिलेल्या करारनाम्यापासून आजच्या विक्रेत्यापर्यंतचे सगळे नोंदणीकृत करार, मूळ प्रती आणि पावत्यांसकट. प्रत्येक कराराची इंडेक्स टू, म्हणजे नोंदणी कार्यालयातल्या नोंदीचा उतारा, तीही. 1990 च्या आसपासच्या इमारतीत यातला एखादा कागद हमखास गायब असतो. मूळ करार हरवला असेल तर पोलिसांत तक्रार, वर्तमानपत्रात जाहीर नोटीस, दुय्यम निबंधकाकडून प्रमाणित प्रत, असा रस्ता आहे. तो विक्रेत्याने चालायचा असतो आणि त्यात महिना-दोन महिने सहज जातात. म्हणून टोकन देण्याआधी विक्रेत्याला झेरॉक्स मागू नका, मूळ कागद दाखवायला सांगा. 'बँकेत आहेत' असं उत्तर आलं, तर त्याचं कर्ज चालू आहे; आधी त्या बँकेचं बाकी रकमेचं पत्र आणि ताब्यातल्या कागदांची यादी घ्या.

दुसरा कागद भोगवटा प्रमाणपत्राचा, म्हणजे इमारत राहायला योग्य असल्याच्या पालिकेच्या दाखल्याचा. माणसं वीस-वीस वर्षं राहतायत, पालिका कर घेतेय, पाण्याचं बिल येतंय, आणि इमारतीला भोगवटा प्रमाणपत्रच नाही. घेणाऱ्याला हे पहिल्यांदा कळतं ते बँकेच्या वकिलाच्या अहवालात. ते एकट्या फ्लॅटधारकाला मिळवता येत नाही, अख्ख्या सोसायटीलाच उठावं लागतं. 'एक बँक नाही म्हणाली तर दुसरी देईल' म्हणणारे दलाल खोटं बोलत नाहीत. दुसरी देतेही. पण पाऊण-एक टक्का जादा व्याजाने, आणि तो जादा दर वीस वर्षं चालतो. शिवाय उद्या तुम्ही विकायला निघाल तेव्हा हाच प्रश्न तुम्हाला विचारला जाईल.

करारावर सही झाल्यापासून चार महिन्यांत नोंदणी झाली पाहिजे. त्यानंतर दंड भरून आणखी चार महिने मिळतात.

सही करण्याआधीचं पान

1 ऑक्टोबर 2024 पासून अशा प्रत्येक नव्या कर्जाला 'की फॅक्ट स्टेटमेंट', म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचं पत्रक, देणं बंधनकारक आहे, तुम्हाला समजणाऱ्या भाषेत. त्यात एपीआर नावाचा दर असतो. व्याज, प्रोसेसिंग फी, कायदेशीर फी, बँकेमार्फत वसूल होणारा विमा, सगळं धरून कर्ज वर्षाला किती टक्क्यांना पडतं, ते हा दर सांगतो. दोन बँकांची तुलना करायची तर याच दराने करा, जाहिरातीतल्या दराने नाही. सोबत हप्त्यांचा तक्ता असतो. आणि यात न लिहिलेलं शुल्क पुढे तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही. हा कागद मिळाल्यावर विचार करायला किमान तीन कामाचे दिवस मिळाले पाहिजेत, असाही नियम आहे. प्रत्यक्षात तो सत्तर पानांच्या गठ्ठ्यात मधेच घुसवून 'इथे, इथे आणि इथे' म्हणत सही घेतात. तीन दिवस मागा. मंजूर झालेलं कर्ज त्यामुळे पळून जात नाही.

त्या पानावर विम्याची ओळ शोधा. कर्जाचा एकरकमी विमा समजा दीड लाखाचा, आणि तो कर्जातच मिळवला, तर 8.5 टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे 3 लाख 12 हजार भरले जातात. विमा असावा. पण बँक सांगते त्याच कंपनीचा आणि कर्जातच मिळवलेला असावा, अशी सक्ती रिझर्व्ह बँकेने केलेली नाही. बाहेरून साधा टर्म प्लॅन घेऊन त्याची प्रत दाखवा.

आता तक्ता. 50 लाखांच्या त्याच कर्जात पहिल्या हप्त्यातले 35,417 रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटतं 7,974 चं. पाच वर्षांत 26 लाख भरून होतात आणि तरी 44 लाख शिल्लक असतात. हे गणित कुणी फसवल्यामुळे असं नाही, कर्ज असंच फिटतं. पण मुदत ठरवताना ते डोळ्यासमोर हवं. 30 वर्षांची मुदत घेतली तर हप्ता जेमतेम 5 हजारांनी कमी होतो, आणि एकूण भरणा 34 लाखांनी वाढतो.

'पण टॅक्स वाचतो ना?' जुन्या कररचनेत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला 2 लाखांपर्यंत वजावट आहे. नव्या रचनेत नाही. आणि आपण होऊन जुनी निवडली नाही तर नवीच लागू होते. हिशोब करताना आपण कोणत्या रचनेत आहोत ते बघा.

तरता दर

तरता दर म्हणजे कर्ज चालू असताना बदलत राहणारा व्याजदर. बँकांची नवी तरत्या दराची गृहकर्जं ऑक्टोबर 2019 पासून रेपोसारख्या (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो) बाहेरच्या दराला बांधलेली आहेत. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हे बंधन नाही. त्यांचा आधारदर त्या स्वतः ठरवतात. अर्ज करताना हा फरक कुणी आपण होऊन सांगत नाही.

मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रेपो 4 टक्क्यांवरून 6.5 वर गेला. 7 टक्क्यांनी 50 लाख घेतलेल्याचा हप्ता 38,765 होता. वर्षभराने दर 9.5 झाला तेव्हा नुसतं व्याजच महिना 38,640 च्या घरात गेलं. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात पडतात सव्वाशे रुपये. बँकांनी अनेकांचा हप्ता तोच ठेवला आणि मुदत वाढवली. वीस वर्षांचं कर्ज कागदोपत्री निवृत्तीपलीकडे गेलं आणि मेसेज न वाचणाऱ्यांना पत्ताही लागला नाही. यावर रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2023 मध्ये नियम केला: दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं, आणि दर तिमाहीला शिल्लक मुदत, हप्ता व वार्षिक दराचं विवरण द्यायचं. हे विवरण ॲपमध्ये असतं. उघडून शिल्लक हप्ते मोजा.

2025 मध्ये रेपो 6.5 वरून 5.25 वर आला. तरी जुन्या कर्जदाराचा दर नव्या ग्राहकापेक्षा जास्त दिसतो, कारण रेपोवर बँकेने लावलेली वाढ, म्हणजे स्प्रेड, जुनाच राहतो. तो कमी करून घ्यायला शाखेत लेखी अर्ज द्यावा लागतो. कन्व्हर्जनची, म्हणजे दर बदलून घेण्याची, फी असते, पण अर्धा टक्का जरी उतरला तरी ती काही महिन्यांत वसूल होते. फोनवर 'होत नाही' सांगतात. लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या.

चुकीच्या मोजलेल्या मुदती

महाराष्ट्रात मूळ कागद बँकेत गहाण ठेवले की 30 दिवसांत 'नोटीस ऑफ इंटिमेशन', म्हणजे गहाणाची माहिती नोंदणी कार्यालयाला देणारी नोटीस, दाखल करावी लागते. शुल्क कर्जाच्या 0.3 टक्के, वर फायलिंगची फी. लोक हे दिवस पहिल्या हप्त्यापासून मोजतात. ते कागद जमा केल्याच्या तारखेपासून मोजायचे. बऱ्याच बँका ऑनलाइन भरून देतात, पण कायद्याने जबाबदारी कर्जदाराची. पावती मागून घ्या.

50 लाख किंवा वरच्या खरेदीत 1 टक्का टीडीएस, म्हणजे विक्रेत्याच्या पैशातून आधीच कापून सरकारला भरायचा कर, खरेदीदाराने कापायचा असतो. कापला त्या महिन्याच्या अखेरीपासून 30 दिवसांत भरायचा, उशिराला दिवसाला 200 रुपये. घोळ कुठे होतो? बँक आपला चेक थेट विक्रेत्याच्या नावाने काढते, आपलीही रक्कम पूर्ण दिलेली असते, आणि टीडीएस कुणीच कापलेला नसतो. मग विक्रेत्याकडे पैसे परत मागत फिरायचं. विक्रेत्याला देण्याच्या प्रत्येक रकमेतून तो आधीच वजा करा.

फेडताना

तरत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराला मुदतपूर्व फेडीचा दंड नाही. पहिल्या वर्षाच्या शेवटी 2 लाख जादा भरले, तर वरच्या कर्जातले जवळजवळ 21 हप्ते उडतात, म्हणजे 9 लाखांच्या वर. मात्र अर्जात 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी' असं स्पष्ट लिहा. रकाना कोरा सोडला आणि त्यांनी हप्ता कमी केला, तर हा फायदा बराचसा जातो.

कर्ज संपलं की 30 दिवसांत मूळ कागद परत मिळाले पाहिजेत आणि गहाणाची नोंद काढली गेली पाहिजे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई आहे. तक्रारीला 30 दिवस उत्तर नाही आलं तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे, आणि हाउसिंग फायनान्स कंपनी असेल तर नॅशनल हाउसिंग बँकेच्या तक्रार पोर्टलवर. पण कोणते कागद दिले होते हे सिद्ध करायला, ते जमा करताना बँकेने सही-शिक्क्याने दिलेली यादी लागते. वीस वर्षांनी ती यादी कुणाकडेच नसते. कर्ज मिळालं त्याच आठवड्यात तिचा फोटो काढा आणि कपाटात ती कुठे ठेवलीय ते घरातल्या आणखी एका माणसाला दाखवून ठेवा.